वाचकांचे प्रश्न : गोल्फच्या आठ पिढ्या

प्रश्न : गेल्या महिन्यात या सदरात आपण लिहिले होते की, १९७४ साली गोल्फ ही गाडी आली नसती तर फोक्सवॅगन कंपनीचे टिकणे कठीण होते. बीटलसारखी जगभर खपणारी गाडी हाताशी असताना हे विधान अतिशयोक्त नाही का?

उत्तर : विधान ठाम होते हे खरे, पण त्यावर मी अजूनही कायम आहे. १७ फेब्रुवारी १९७२ रोजी बीटलने फोर्डच्या 'मॉडेल टी' या गाडीचा सर्वाधिक उत्पादनाचा विक्रम मोडला. त्या दिवसापर्यंत तयार झालेल्या एकूण बीटलची संख्या दीड कोटीच्या पुढे गेली. मात्र हा विक्रम साजरा होत असतानाच बीटलचा काळ सरत आला होता. तिचे इंजिन मागे होते आणि ते हवेने थंड होणारे होते. पुढच्या बॉनेटखालच्या उतरत्या जागेत सामान जेमतेम मावायचे, आणि इंजिनाच्या उष्णतेवर चालणारा हीटर थंडीत मनासारखा चालत नसे. याच मांडणीवर कंपनीने आणखी मोठ्या गाड्याही काढल्या होत्या आणि ग्राहक त्यांच्याकडे पाठ फिरवू लागले होते. १९७४ या एका वर्षात कंपनीला ८० कोटी जर्मन मार्कांहून अधिक तोटा झाला.

बीटलच्या जागी काय आणायचे, याचे एक उत्तर जवळजवळ तयार होते. पोर्शे कंपनीकडून करून घेतलेल्या त्या आराखड्यात इंजिन मागच्या आसनाखाली आडवे झोपवलेले होते. तांत्रिकदृष्ट्या कल्पना मोहक होती, पण दुरुस्तीला आणि उत्पादनाला महागडी होती. १९७१ साली रुडॉल्फ लायडिंग यांनी कंपनीची सूत्रे हाती घेतली आणि इतका खर्च झालेला हा प्रकल्प बंद केला. गोल्फच्या साऱ्या इतिहासात मला हा निर्णय सर्वांत धाडसाचा वाटतो. पाण्याने थंड होणारे इंजिन पुढे बसवून पुढचीच चाके फिरवण्याची विद्या आउडी आणि एनएसयू या कंपन्या ताब्यात आल्यामुळे घरातच उपलब्ध झाली होती. फोक्सवॅगनने ती वापरली आणि गाडीचा आकार ठरवण्याचे काम इटलीच्या जॉर्जेत्तो जुजारो यांच्याकडे दिले.

मार्च १९७४ मध्ये वोल्फ्सबर्गच्या कारखान्यात गोल्फचे उत्पादन सुरू झाले आणि १ जुलैला त्याच कारखान्यातले बीटलचे उत्पादन थांबले. नवी गाडी ३.७ मीटर लांब, म्हणजे बीटलपेक्षा ३० सेंटिमीटरहून आखूड होती, तरीही आत जागा अधिक होती; कारण इंजिन पुढे आडवे बसवल्यामुळे उरलेली जवळजवळ सगळी लांबी माणसांना आणि सामानाला मिळाली. ऑक्टोबर १९७६ पर्यंत १० लाख गोल्फ तयार झाल्या. जून २००२ मध्ये तर गोल्फने बीटलचा २ कोटी १५ लाखांचा एकूण आकडाही मागे टाकला.

प्रश्न : पहिल्या गोल्फशेजारी आजची गोल्फ उभी केली तर ती तिची मोठी बहीण नव्हे, आई वाटते. दर पिढीत गाडी एवढी वाढत का गेली? आणि आता तिला लहान गाडी म्हणणे योग्य आहे का?

उत्तर : आपले निरीक्षण बरोबर आहे. पहिली गोल्फ ३,७०५ मिलिमीटर लांब आणि १,६१० मिलिमीटर रुंद होती. २०१९ साली आलेली आठवी ४,२८४ मिलिमीटर लांब आणि १,७८९ मिलिमीटर रुंद आहे. म्हणजे लांबीत सुमारे ५८ आणि रुंदीत सुमारे १८ सेंटिमीटरची भर पडली. ही वाढ एकसारखी झालेली नाही. सर्वांत मोठी उडी दुसऱ्याच पिढीत, १९८३ साली झाली. तेव्हा लांबी एकदम २८ सेंटिमीटरने वाढून ३,९८५ मिलिमीटर झाली आणि 'मूळच्या सडपातळ गाडीला अंग सुटले' अशी टीकाही झाली. ती टीका मला अर्धवट वाटते, कारण याच पिढीत बाह्याकाराच्या कडा गोलसर करून हवेचा रोध दर्शवणारा गुणांक ०.४२ वरून ०.३४ वर आणला गेला. अंगाने भरलेली गाडी वाऱ्यातून मात्र अधिक सहज जाऊ लागली.

वाढीमागे दोन कारणे आहेत आणि ती वेगवेगळी ओळखली पाहिजेत. पहिले कारण सुरक्षिततेचे. पहिल्या गोल्फचे दार उघडून पाहिले तर त्याची जाडी आणि खिडकीच्या दांड्यांचा नाजूकपणा पाहून आज धस्स होते. काचेतून बाहेरचे सारे जग दिसते, पण बाजूने धडक बसली तर आतला माणूस आणि पत्रा यांच्यात अंतर फारसे नाही. बाजूच्या धडकेसाठी दारातील आडवे दांडे, समोरच्या धडकेत चुरगळून आघात पचवणारा पुढचा भाग, एअरबॅग, पादचाऱ्याच्या डोक्याला इजा कमी व्हावी म्हणून बॉनेट आणि इंजिन यांच्यात सोडलेली पोकळी, या सगळ्याला जागा लागते. या कारणासाठी झालेल्या वाढीबद्दल माझी तक्रार नाही.

दुसरे कारण बाजारपेठेचे आहे. पहिली गोल्फ घेणारा तरुण पुढे संसारी झाला, त्याची ऐपत वाढली, आणि कंपनीने गाडीही त्याच्याबरोबर वाढवत नेली. मग खाली रिकामी होणारी जागा १९७५ मध्ये आलेली धाकटी बहीण पोलो भरू लागली, आणि तिच्याही खाली आणखी भावंडे आणावी लागली : १९९८ मध्ये लुपो, २०११ मध्ये 'अप'. गंमत अशी की २०१७ साली आलेली पोलो ४,०५३ मिलिमीटर लांब आहे, म्हणजे १९९१ च्या तिसऱ्या गोल्फपेक्षाही मोठी. म्हणून 'लहान' हा शब्द आज गोल्फला केवळ इतर गाड्यांच्या तुलनेतच लावता येतो. पहिल्या गोल्फच्या मापाची गाडी हवी असेल तर ती गोल्फ या नावाखाली शोधू नये.

प्रश्न : गोल्फचा 'जीटीआय' हा वेगवान प्रकार मूळ योजनेत नव्हता आणि काही अभियंत्यांनी तो परस्पर तयार केला, असे ऐकिवात आहे. हे खरे का?

उत्तर : बव्हंशी खरे आहे. कंपनीतील मोजक्या माणसांनी अधिकृत आदेश नसताना, नेमून दिलेल्या कामाच्या बाहेर, वेगवान गोल्फची कल्पना रेटत नेली. साधी, कुटुंबासाठी बनवलेली गाडी घ्यायची, आउडीकडचे पेट्रोल फवारणीचे १.६ लिटरचे इंजिन तिच्यात बसवायचे, गाडी जमिनीकडे थोडी खाली आणायची आणि बाकी उपयुक्ततेला धक्का लावायचा नाही, एवढाच तो विचार होता. १९७५ च्या फ्रँकफर्ट प्रदर्शनात ती दाखवली गेली आणि पुढच्या वर्षी विक्रीला आली. ११० अश्वशक्ती, वजन ८१० किलोच्या आसपास आणि ताशी १८२ किलोमीटरपर्यंतचा वेग, असे तिचे आकडे होते. फक्त ५,००० गाड्या काढायच्या, असे ठरले होते. पहिल्या पिढीतच साडेचार लाखांहून अधिक विकल्या गेल्या.

मला या गाडीत सर्वाधिक भावते ती तिची अंतर्गत सजावट, आणि तिचे श्रेय कंपनीतील डिझायनर गुनहिल्ड लिलयेक्विस्ट यांना आहे. आसनांवरचे चौकड्यांचे कापड आणि गिअरच्या दांड्यावरची गोल्फच्या चेंडूसारखी खाचांची मूठ या दोन्ही कल्पना त्यांच्याच. ती मूठ तळहातात नेमकी मावते, आणि तिच्यावरच्या बारीक खळग्यांमुळे घामेजला हातही घसरत नाही. चामडे किंवा चकाकता धातू न वापरता एखाद्या गाडीला स्वतःचा चेहरा कसा देता येतो, याचे इतके स्वस्त आणि टिकाऊ उदाहरण मोटारींच्या जगात मला दुसरे सापडलेले नाही. जाळीभोवतीची लाल रेघ आणि ते चौकड्यांचे कापड अनेक पिढ्यांनंतरही ओळखीचे राहिले आहे.

प्रश्न : तांत्रिकदृष्ट्या खरोखर महत्त्वाच्या पिढ्या कोणत्या? सगळ्याच 'क्रांतिकारी' म्हणून जाहीर होतात, म्हणून विचारतो.

उत्तर : पहिली वगळली, तर माझ्या मते चौथी, पाचवी आणि सातवी.

तिसऱ्या पिढीने १९९१ नंतर बऱ्याच गोष्टी आणल्या. एअरबॅग आली, १९९३ मध्ये ९० अश्वशक्तीचे टीडीआय डिझेल इंजिन आले, आणि सहा सिलिंडर एकमेकांशी अवघ्या १५ अंशांच्या कोनात बसवून एकाच सिलिंडर हेडखाली आणणारे आखूड व्हीआर६ इंजिनही आले. तरीही गाडी हातात घेतल्यावर जाणवणारा बदल चौथीने, म्हणजे १९९७ च्या गोल्फने घडवला. जस्ताचा मुलामा दिलेल्या पत्र्यामुळे गंजाचा प्रश्न मागे पडला. दारे आणि शेजारच्या पत्र्यांमधल्या फटी इतक्या अरुंद आणि एकसारख्या झाल्या की बोट फिरवले तरी फरक कळू नये. त्या वेळचे प्रमुख फर्डिनांड पिएख या फटींबाबत किती आग्रही होते, हे सर्वश्रुत आहे. छताजवळची पकड सोडल्यावर ती खटकन न आपटता सावकाश आपल्या जागी जात असे आणि रात्री निळ्या उजेडातल्या तबकड्यांवर लाल काटे दिसत. लहान गाडी म्हणजे आतून दरिद्री गाडी, ही समजूत या पिढीने मोडली. याच पिढीच्या 'आर३२' या वेगवान प्रकारात २००३ साली दोन क्लचचा गिअरबॉक्स आला. त्यात विषम गिअर एका क्लचवर आणि सम गिअर दुसऱ्यावर असतात. तिसरा चालू असतानाच चौथा तयार ठेवलेला असतो, त्यामुळे गिअर बदलताना ओढ तुटत नाही.

चौथीची उणीव मात्र तिच्या मागच्या चाकांच्या साध्या टॉर्शन बीममध्ये, म्हणजे दोन्ही चाकांना एकमेकांशी जोडणाऱ्या आडव्या दांड्यात होती. पाचव्या पिढीने २००३ मध्ये मागचे प्रत्येक चाक अनेक दुव्यांनी स्वतंत्रपणे बांधले आणि लेझरच्या जोडणीने सांगाडा कितीतरी ताठ केला. खड्ड्यातून जाताना एका चाकाचा धक्का दुसऱ्याला लागेनासा झाला आणि वळणात गाडी रस्ता धरून राहू लागली. हे सारे महागात पडले. गाडी बांधायला वेळ लागे आणि नफा कमी उरे. म्हणूनच सहावी पिढी अवघ्या पाच वर्षांत, २००८ साली आणली गेली. तिला मी स्वतंत्र पिढी मानत नाही. पाचवीचीच ती उत्पादनाला सोपी केलेली आणि आवाज कमी केलेली आवृत्ती होय. या पिढीच्या काही डिझेल गाड्यांत प्रदूषण चाचणीपुरता धूर कमी दाखवणारा संगणकी कार्यक्रम घातलेला होता, हे २०१५ साली उघड झाले आणि कंपनीने ते कबूल केले. गोल्फवर प्रेम करणाऱ्यानेही हा भाग वगळून इतिहास सांगू नये.

२०१२ च्या सातव्या पिढीत फरक पायाभूत रचनेत होता. पायाजवळचे पेडल आणि पुढच्या चाकाचा आस यांतले अंतर कायम ठेवायचे आणि लांबी, रुंदी, दोन चाकांमधले अंतर हे बाकी सारे गाडीप्रमाणे बदलायचे, या तत्त्वावर आखलेल्या एकाच सांगाड्यावर कंपनीच्या अनेक गाड्या उभ्या राहिल्या. गोल्फला त्याचा थेट लाभ असा झाला की आकार वाढूनही वजन १०० किलोपर्यंत घटले. चार दशके दर पिढीत चढत गेलेला काटा पहिल्यांदाच लक्षणीय खाली आला. पेट्रोल, डिझेल, प्लग-इन हायब्रिड आणि पूर्ण विजेवरची, अशा चारही प्रकारच्या गोल्फ या एकाच पिढीत मिळत होत्या. वापरायला घ्यायची असेल तर माझी निवड हीच. एक गोष्ट मात्र पाहून घ्यावी : कमी शक्तीच्या प्रकारांत मागे पुन्हा टॉर्शन बीमच आहे.

प्रश्न : आठव्या पिढीत बटणे काढून सगळे पडद्यावर नेले, आणि आता काही बटणे परत आणली. यात नेमके काय घडले?

उत्तर : आवाज आणि तापमान कमी-जास्त करण्यासाठी पडद्याखाली स्पर्शाने चालणारी एक पट्टी दिली होती. तिला रात्री प्रकाशच नव्हता. अंधारात, नजर रस्त्यावर ठेवून, सपाट काळ्या प्लॅस्टिकवर बोटाने अंदाज घेत तापमान बदलायचे, ही अपेक्षा चालकाकडून करणेच चूक होते. सातव्या पिढीत याच कामाला गोल फिरणारी कळ होती. न पाहता हात तिच्यावर जाई आणि किती फिरवली ते बोटांना कळे. स्टिअरिंगवरच्या बटणांच्या जागीही स्पर्शाचे भाग आले आणि वळवताना तळहाताचा चुकून दाब पडून नको ती आज्ञा जाऊ लागली. त्यात भर म्हणून आणीबाणीत आपोआप मदत बोलावणाऱ्या यंत्रणेच्या सॉफ्टवेअरमधील दोषामुळे मे २०२० मध्ये काही काळ गाड्या ग्राहकांना देणेच थांबवावे लागले.

२०२४ च्या सुधारित गोल्फमध्ये स्टिअरिंगवर दाबायची बटणे परत आली आणि त्या पट्टीला प्रकाश मिळाला. पट्टीच काढून तिथे फिरणारी कळ द्यायला हवी होती, असे माझे स्पष्ट मत आहे. बाकी गाडीचे चालणे, वळणे आणि थांबणे यांत आठवी कुठेही कमी नाही, म्हणून ही चूक अधिकच बोचते.

प्रश्न : पुढची गोल्फ विजेवर चालणारी असेल, तर तिला गोल्फ का म्हणायचे?

उत्तर : नववी पिढी विजेवरची असेल, असे कंपनीने सांगितले आहे. विजेची गोल्फ मात्र नवी नाही. 'सिटीस्ट्रोमर' या नावाने पहिल्या तिन्ही पिढ्यांत मोजक्या गाड्या निघाल्या होत्या. इंजिनावर गोल्फचे गोल्फपण कधीच ठरले नाही. मागच्या दाराच्या कडेपासून डिकीच्या झडपेपर्यंत पसरलेला तो रुंद पत्र्याचा खांब जुजारो यांनी १९७४ मध्ये दिला आणि पुढच्या सातही पिढ्यांनी आपापल्या परीने जपला. नवी गाडी समोर येईल तेव्हा बॅटरीचे आकडे वाचण्याआधी मी तोच पाहीन, आणि त्यानंतर आत बसून तापमानाची कळ हाताला लागते का, ते.