पाय कापल्यानंतर स्टंपला (उरलेल्या टोकाला) इन्फेक्शन झालं, तर टी८७.४ लावायचा की टी८१.४?

तुमच्या प्रश्नातली केस अशी आहे: टाइप २ डायबेटिस, उजवा पाय गुडघ्याखाली कापलेला, तीन आठवड्यांनी स्टंपमधून पू येतोय म्हणून पेशंट पुन्हा अ‍ॅडमिट, कल्चरमध्ये एमआरएसए (मेथिसिलिनला दाद न देणारा स्टॅफिलोकोकस जंतू). कोडिंग तपासणाऱ्या ऑडिटरने तुमचा टी८१.४१एक्सए हा निदानाचा कोड काढून टी८७.४३ टाकला आणि कारण दिलं नाही. इनपेशंट चार्टचं कोडिंग आणि ऑडिट मी बरीच वर्षं करतोय, त्यामुळे हा गोंधळ माझ्या चांगल्या परिचयाचा आहे. ऑडिटरचा कोड बरोबर आहे, पण त्याने कारण लिहायला हवं होतं.

टी८१.४ हा शस्त्रक्रियेनंतरच्या इन्फेक्शनचा सर्वसाधारण कोड आहे. ऑक्टोबर २०१८ पासून आयसीडी-१०-सीएममध्ये (अमेरिकेतल्या निदान-कोडांच्या वर्गीकरणात) त्याचे खोलीप्रमाणे भाग पडले: वरवरच्या जखमेला टी८१.४१, खोल जखमेला टी८१.४२, अवयव किंवा पोकळीतल्या इन्फेक्शनला टी८१.४३. डॉक्टरने ‘सर्जिकल साइट इन्फेक्शन’ लिहिलं की हात आपोआप तिकडे वळतो. पण अँप्युटेशनच्या स्टंपसाठी वर्गीकरणाने वेगळं घर बांधून ठेवलंय, ते टी८७.४. उजवा हात टी८७.४१, डावा हात टी८७.४२, उजवा पाय टी८७.४३, डावा पाय टी८७.४४. इंडेक्समध्ये ‘कॉम्प्लिकेशन’खाली ‘अँप्युटेशन स्टंप’ शोधलंत तर थेट इथेच पोचता. नेमका कोड उपलब्ध असताना सर्वसाधारण कोड लावायचा नसतो, एवढंच ऑडिटरचं म्हणणं होतं.

या कोडला काळाची अट नाही. ऑपरेशनला तीन आठवडे झाले की तीन वर्षं, डॉक्टरने स्टंपचं इन्फेक्शन म्हटलं असेल तर टी८७.४ चालतो. त्याला सातवं अक्षरही (उपचाराचा टप्पा सांगणारं, जसं टी८१.४१एक्सएमधलं ए) नाही. टी८१ची सवय लागलेले कोडर टी८७.४३ला एक्स आणि ए जोडून पाठवतात आणि क्लेम अवैध कोड म्हणून परत येतो. टी८७.४३ हा पाच अक्षरांतच पूर्ण होतो. टी८७.४० म्हणजे बाजू माहीत नाही, आणि कापलेल्या पायाची बाजू चार्टमध्ये कुठेच नाही असं सहसा घडत नाही. डॉक्टरने लिहिली नसेल, तर नर्सिंग किंवा वाउंड केअरच्या नोंदीवरून घ्यायला आयसीडी-१०-सीएमची अधिकृत गाइडलाइन परवानगी देते. ती न पाहता ‘अनस्पेसिफाइड’ टाकणं मला अजिबात पटत नाही. याच माणसाचा दुसरा पाय पुढे धोक्यात येऊ शकतो, आणि तेव्हा जुन्या नोंदीत बाजू असणं फार महत्त्वाचं ठरतं.

आता खरा अवघड भाग, ज्याबद्दल तुम्ही विचारलं नाहीत. पू स्टंपमधून येतोय एवढ्यावरून ते अँप्युटेशनचं कॉम्प्लिकेशन ठरत नाही. गाइडलाइनच्या पहिल्या विभागातला बी.१६ हा परिच्छेद स्पष्ट आहे: उपचारानंतर जे जे होतं ते सगळं कॉम्प्लिकेशन नसतं, ऑपरेशन आणि आजार यांचा कार्यकारणसंबंध डॉक्टरच्या नोंदीतून दिसला पाहिजे, आणि नोंद अस्पष्ट असेल तर क्वेरी करायची, म्हणजे डॉक्टरला लेखी विचारायचं. ‘इन्फेक्टेड बीकेए स्टंप’ (बीकेए म्हणजे गुडघ्याखालचं अँप्युटेशन) असं लिहिलेलं असेल तर प्रश्नच मिटला. पण तीन प्रकारच्या नोंदींत मी नेहमी थांबतो.

पहिला प्रकार, कापलेल्या हाडाच्या कडेला पॅथॉलॉजीत ऑस्टिओमायलायटिस (हाडाचं इन्फेक्शन) सापडलेला असतो. म्हणजे ऑपरेशनच्या आधीचाच आजार पूर्ण निघालेला नाही. तो उरलेला जुना रोग आहे, नवीन कॉम्प्लिकेशन नाही, आणि सर्जनने तसं म्हटल्याशिवाय मी त्याला टी८७.४ लावत नाही. दुसरा प्रकार, जुन्या आणि पूर्ण भरलेल्या स्टंपवर कृत्रिम पायाच्या घर्षणाने त्वचा सोलवटते आणि नोंदीत फक्त ‘सेल्युलायटिस, उजवा पाय’ असतं. तेवढ्यावर एल०३.११५ च्या (उजव्या पायाच्या सेल्युलायटिसचा, म्हणजे त्वचेच्या इन्फेक्शनचा कोड) पुढे जाता येत नाही, त्यामुळे क्वेरी करावीच लागते. तिसरा प्रकार, जखमेच्या कडा काळ्या पडल्यात किंवा टाके उसवलेत. कडा मेलेल्या असतील तर टी८७.५३, जखम उघडली असेल तर टी८७.८१, आणि इन्फेक्शनही नोंदवलेलं असेल तर त्याचा कोड वेगळा. एकाच स्टंपला हे तिन्ही असू शकतात. ‘नॉन-हीलिंग स्टंप’ या शब्दांवरून मात्र इन्फेक्शन गृहीत धरू नका.

झेड८९.५११ (उजवा पाय गुडघ्याखाली कापलेला आहे, हे सांगणारा स्टेटस कोड) सोबत लावायचा का, यावर कोडर मंडळींत कायम वाद असतो. गाइडलाइन म्हणते की कॉम्प्लिकेशनच्या कोडमधूनच स्थिती कळत असेल तर स्टेटस कोड लावू नका. तिथलं उदाहरण हार्ट ट्रान्सप्लांटचं आहे, टी८६.२ (ट्रान्सप्लांटचं कॉम्प्लिकेशन) असेल तर झेड९४.१ (ट्रान्सप्लांट झाल्याची स्थिती) नको. पण टी८७.४३ फक्त उजवा पाय एवढंच सांगतो. तो मांडीतून कापला की गुडघ्याखालून, हे त्यात नाही. झेड८९.५११ ही पातळी सांगतो, म्हणून माझ्या मते इथे तो जादा माहिती देतो आणि लावायला हरकत नाही. तुमच्या क्लायंटचा लेखी नियम वेगळा असेल तर तो पाळा. रिस्क अ‍ॅडजस्टमेंटसाठी (पेशंटच्या आजारांनुसार विम्याची रक्कम ठरवण्यासाठी) आग्रह धरण्याचं कारण नाही, कारण पायाची अँप्युटेशन स्थिती आणि अँप्युटेशनची कॉम्प्लिकेशन्स एकाच एचसीसीत (त्या हिशेबातल्या आजारांच्या गटात) मोडतात. झेड४७.८१, म्हणजे अँप्युटेशननंतरच्या आफ्टरकेअरचा कोड, मात्र या अ‍ॅडमिशनला नको. उपचार चालू इन्फेक्शनवर आहेत.

डायबेटिसच्या कोडकडे नीट लक्ष द्या, सर्वांत जास्त चुका मला तिथेच सापडतात. मागच्या अ‍ॅडमिशनचा ई११.५२, म्हणजे गँगरीनसह, तसाच पुढे ओढला जातो. गँगरीन झालेला भाग कापून टाकलाय. नवीन गँगरीनची नोंद नसेल आणि रक्तवाहिन्यांचा आजार कायम असेल, तर ई११.५१. उजव्या पावलाचा अल्सरही असाच जुन्या प्रॉब्लेम लिस्टमधून येतो, पाऊल राहिलेलं नसतानाही. कॉपी-पेस्ट केलेली यादी हा पुरावा नाही, या वेळची तपासणी वाचा.

तुमच्या केसमध्ये स्टंपचं इन्फेक्शन हेच अ‍ॅडमिशनचं कारण आहे, म्हणून टी८७.४३ प्रिन्सिपल, म्हणजे मुख्य निदान. त्यामागे एमआरएसएसाठी बी९५.६२, मग नोंदीप्रमाणे डायबेटिसचे कोड, झेड८९.५११, आणि बाह्य कारणांचे कोड देत असाल तर वाय८३.५ (अँप्युटेशन). घरून येतानाच पू होता, तेव्हा पीओए (अ‍ॅडमिशनच्या वेळी आजार होता का, ही नोंद) ‘वाय’, म्हणजे होय. डॉक्टरने या इन्फेक्शनमुळे सेप्सिस झाल्याचं लिहिलं, तरी ए४१ला (सेप्सिसच्या कोडला) पहिलं स्थान देऊ नका. शस्त्रक्रियेनंतरच्या सेप्सिससाठी गाइडलाइनचा क्रम आधी जागेचं इन्फेक्शन, मग टी८१.४४एक्सए असा आहे, आणि इथेही तोच पाळा. सेप्टिक शॉक असेल तर आर६५.२१ नाही, टी८१.१२एक्सए (शस्त्रक्रियेनंतरचा सेप्टिक शॉक).

क्वेरी करायची वेळ आली तर ‘हे स्टंपचं इन्फेक्शन आहे ना?’ असं विचारू नका. त्याने उत्तर डॉक्टरच्या तोंडात घातल्यासारखं होतं. आधी चार्टमधल्या गोष्टी मांडा: उजव्या स्टंपमधून पू, कल्चरमध्ये एमआरएसए, अमुक तारखेपासून व्हॅन्कोमायसिन (अँटिबायोटिक). मग विचारा की या निष्कर्षांमागचं निदान कोणतं, आणि पर्याय द्या: अँप्युटेशन स्टंपचं इन्फेक्शन, आधीच्या ऑस्टिओमायलायटिसचा उरलेला भाग, स्टंपशी संबंध नसलेला सेल्युलायटिस, इतर, सांगता येत नाही. सर्जनने दुसरा पर्याय निवडला तर टी८७.४३ काढा. डायबेटिस असल्यामुळे ई११.६९ (डायबेटिसचं इतर कॉम्प्लिकेशन) आणि त्यासोबत उजव्या टिबिया-फिब्युलाचा (नडगीच्या हाडांचा) एम८६मधला, म्हणजे ऑस्टिओमायलायटिसचा, कोड लागेल, आणि तो तीव्र की जुनाट हे सर्जनच्याच उत्तरात असायला हवं, म्हणून तेही त्याच क्वेरीत विचारून घ्या.