आयुष्यात एकामागून एक बदल होत असताना स्वतःला घडवण्याची प्रेरणा कुठून मिळवावी?

तुम्ही लिहिले आहे की गेल्या दीड वर्षात तुमच्या कामाचे क्षेत्र बदलले, त्यासाठी राहते घर सोडावे लागले आणि त्याच काळात तुमची आई गेली. आजूबाजूची माणसे बदल ही संधी असल्याचे सांगतात, पण तुम्हाला काहीच करावेसे वाटत नाही, आणि म्हणून प्रेरणा कुठे शोधावी असे तुम्ही विचारता. तुमच्या आईच्या जाण्याचे मला मनापासून वाईट वाटते. पुढे जे लिहिते आहे त्यातले काही वाचलेले आहे, पण बरेचसे स्वतः अनुभवलेले आहे.

आधी तुमच्या थकव्याविषयी लिहिते, कारण तुम्ही त्याला आळस म्हटले आहे आणि ते मला पटत नाही. 1967 साली थॉमस होम्स आणि रिचर्ड राहे या दोन मानसोपचारतज्ज्ञांनी आयुष्यातल्या 43 घटनांची एक यादी प्रसिद्ध केली आणि प्रत्येक घटनेनंतर माणसाला स्वतःची घडी किती नव्याने बसवावी लागते, यावरून तिला गुण दिले. जोडीदाराच्या मृत्यूला 100 गुण आहेत, जवळच्या कुटुंबीयाच्या मृत्यूला 63, वेगळ्या प्रकारचे काम सुरू करण्याला 36 आणि घर बदलण्याला 20. त्याच यादीत विवाहालाही 50 गुण आहेत, म्हणजे बदल आनंदाचा असला तरी तो आपल्याकडून काही ना काही वसूल करतोच. तुमच्या वाट्याला यातल्या तीन गोष्टी एकाच वेळी आल्या आहेत. अशा वेळी मन पुढे सरकायला नकार देत असेल, तर त्याला आधी थोडी उसंत द्यावी. त्याच्यावर आळसाचा आरोप करू नये.

आता मूळ प्रश्नाकडे वळते. आधी प्रेरणा मिळेल आणि मग आपण उठून कामाला लागू, असे आपण गृहीत धरतो. माझा अनुभव मात्र नेमका उलटा आहे.

मी एका कंपनीच्या हिशेब विभागात 19 वर्षे काम केले आणि एके दिवशी तो विभागच बंद झाला. पुढचे कित्येक आठवडे मी सकाळी ठरलेल्या वेळी उठत असे, आवरत असे आणि मग खुर्चीत नुसती बसून राहत असे. प्रेरणादायी भाषणे मी भरपूर ऐकली. ऐकत असताना छाती भरून येई, पण भाषण संपून मोबाईल खाली ठेवला की खोली आणि मी दोघीही होतो तिथेच असू.

एका संध्याकाळी शेजारची मुलगी गणिताची वही घेऊन आली. तिने एक द्वितीयांश आणि एक तृतीयांश यांची बेरीज दोन पंचमांश अशी केली होती, अंशात अंश आणि छेदात छेद मिळवून. मी सांगितले, "छेद समान करून घ्यायचे असतात." तिने विचारले, "पण का, काकू?" मी उत्तर द्यायला तोंड उघडले आणि माझ्या लक्षात आले की मला ते ठाऊक नाही. जन्मभर आकड्यांत वावरलेली मी फक्त रीत जाणत होते, तिच्यामागचे कारण मला कधी पडताळावेसेच वाटले नव्हते. मी तिला म्हटले, "उद्या सांगते."

त्या रात्री मी कागदाची एक लांब पट्टी कापली आणि तिला घड्या घालून सहा सारखे भाग केले. अर्धी पट्टी म्हणजे तीन भाग, तिसरा हिस्सा म्हणजे दोन भाग आणि दोन्ही मिळून पाच भाग. अर्धा आणि तिसरा हिस्सा एकाच मापात आणल्याशिवाय ते मोजताच येत नाहीत, हे पट्टीवर स्पष्ट दिसत होते. शिवाय दोन पंचमांश हे एक द्वितीयांशापेक्षाही लहान आहेत, म्हणजे बेरीज करून उत्तर कमी झाले होते, हेही मला तेव्हाच उमगले. मी झोपले तेव्हा कित्येक आठवड्यांनी दुसऱ्या दिवसाची वाट पाहत होते. त्या रात्री मी प्रेरणेचा विचारही केलेला नव्हता. एका लहान मुलीला दिलेला शब्द पाळायचा होता, एवढेच.

म्हणून तुम्हाला माझे सांगणे असे आहे की प्रेरणेचा शोध काही काळ बाजूला ठेवा आणि ज्याचे उत्तर दुसऱ्या कुणाला हवे आहे असे एखादे छोटे काम हाती घ्या. दुसऱ्या कुणाला हवे आहे, हा भाग मला फार महत्त्वाचा वाटतो. मन खचलेले असताना स्वतःला दिलेली वचने माणूस सहज मोडतो, पण समोर कुणी वाट पाहत असेल तर तोच माणूस उठून बसतो.

असे काम सुरू करायला बदलाचा काळ अनुकूल असतो, कारण जुन्या सवयींची पकड तेव्हा सुटलेली असते. फेब्रुवारी 2014 मध्ये लंडनच्या भुयारी रेल्वेत दोन दिवसांचा संप झाला, काही स्थानके बंद राहिली आणि अनेक प्रवाशांना नाइलाजाने दुसरा मार्ग धरावा लागला. पुढे अर्थतज्ज्ञांनी प्रवासाच्या नोंदी तपासल्या तेव्हा त्यातले सुमारे 5 टक्के प्रवासी संप मिटल्यावरही नव्या मार्गानेच जात असल्याचे दिसले. अधिक सोयीचा मार्ग आधीही उपलब्ध होता, पण रोजची वाट अडल्याशिवाय तो शोधण्याची गरजच त्यांना भासली नव्हती. आईची उणीव आणि रेल्वेचा संप यांची तुलना मी करत नाही. नव्या जागेतली तुमची सकाळ, संध्याकाळ आणि सुट्टीचा दिवस अजून कशानेही भरलेला नाही, एवढेच मला दाखवायचे आहे.

नवे काम अंगवळणी पडायला मात्र वेळ लागतो. फिलिपा लॅली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 96 जणांवर केलेल्या अभ्यासात एखादी कृती आपसूक होऊ लागायला सरासरी 66 दिवस लागल्याचे आढळले. व्यक्तीनुसार हा काळ 18 पासून 254 दिवसांपर्यंत बदलत होता आणि मध्ये एखादा दिवस चुकल्याने फारसे बिघडत नव्हते. मला ही शेवटची गोष्ट मोठा आधार वाटते, कारण दुःखाच्या काळात दिवस चुकतातच.

आणखी एक गोष्ट मला कळकळीने सांगायची आहे. स्वतःची वाढ व्हावी म्हणून दुःख लवकर आवरते घेण्याची गरज नाही. रिचर्ड टेडेस्की आणि लॉरेन्स कॅल्हून या मानसशास्त्रज्ञांनी मोठ्या आघातानंतर होणाऱ्या वाढीचा अनेक वर्षे अभ्यास केला. त्यांचे म्हणणे असे की ही वाढ आघातातून आपोआप होत नाही. आघाताने मोडलेल्या समजुती पुन्हा जुळवताना माणसाची जी झुंज चालते तिच्यातून ती होते आणि वाढ व वेदना एकाच वेळी नांदू शकतात. त्यामुळे एखाद्या दिवशी तुम्ही नवे काही शिकाल आणि त्याच रात्री आईच्या आठवणीने रडाल, तर त्यात काहीही विसंगत नाही.

मात्र झोप आणि भूक आठवडेच्या आठवडे हरवली असेल किंवा जगणेच नको वाटत असेल, तर माझे हे उत्तर पुरेसे नाही. तेव्हा जवळच्या माणसाला सांगून विनाविलंब समुपदेशकाकडे किंवा मानसोपचारतज्ज्ञाकडे जावे. तशी स्थिती नसेल, तर या आठवड्यात तुमच्या नव्या कामाच्या ठिकाणी कुणाला कशात मदत हवी आहे ते विचारून पाहा, आणि उत्तर लगेच सुचले नाही तर "उद्या सांगतो" म्हणून त्या संध्याकाळी ते शोधायला बसा.