लग्नाआधी मालमत्तेचा करार: गावाकडे कोणी करतं का, आणि तो टिकतो का?

आमच्या यवतमाळकडच्या खेड्यात साक्षगंधात असा करार झालेला मी तरी पाहिला नाही. शहरातली जोडपी वकिलाकडून करून घेतात, पण स्टॅम्प पेपरवर आहे म्हणून तो टिकेलच असं नाही. हिंदू विवाहात अशा कराराला वेगळा कायदा नाही. १८७२ च्या करार कायद्याच्या कलम २३ खाली, सार्वजनिक धोरणाविरुद्ध म्हणून, कोर्ट तो रद्द ठरवू शकतं. बायकोनं पोटगी मागायची नाही, ही अट तर सहसा टिकतच नाही. गोव्याची गोष्ट वेगळी, तिथल्या नागरी कायद्यात असा करार चालतो.

गावात खरं कामी येतं ते स्त्रीधन, म्हणजे लग्नात बाईला मिळालेलं सोनं आणि भेटवस्तू. त्यावर हक्क फक्त तिचाच. हुंडाबंदी कायद्याखालच्या १९८५ च्या नियमांनुसार लग्नातल्या भेटवस्तूंची यादी करून वर-वधूनं सही करायची असते. माझ्या बहिणीच्या वेळी आम्ही वहीच्या पानावर पोत, आलमारी, भांडी, सगळं लिहिलं. सोनाराचं बिल तिच्याच नावानं घेतलं. पुढं ती माहेरी परतली, तेव्हा त्याच कागदावर तिचं सोनं परत मिळालं. आणि पोरीला वावर द्यायचं असेल तर तोंडी नको, रजिस्ट्री करून सातबाऱ्यावर तिचं नाव चढवा.