दहा पेंढ्या भात आणि बोलणारा बैल

प्रश्न: मी बडोद्याच्या एम. एस. युनिव्हर्सिटीत शिकते. सेमिनारला जुनं जपानी साहित्य घेतलंय, त्यात भिक्षूंनी लिहिलेल्या चमत्काराच्या गोष्टी हाताला लागल्या. बैल बोलतो, खेकडे येऊन जीव वाचवतात वगैरे. मैत्रिणी म्हणतात हा नुसता धर्मप्रचार आहे, त्यापेक्षा सरळ गेंजीची कथा, ती प्रसिद्ध दरबारी कादंबरी घे. काय करू? (एक विद्यार्थिनी, प्रतापगंज)

उत्तर: ताई, विषय अजिबात बदलू नका. धर्मप्रचार आहे हे खरंच आहे आणि लिहिणाऱ्यानं ते लपवलेलंही नाहीये, पण प्रचार आहे म्हणून साहित्य नाही असं म्हणायला लागलो तर आपल्या महिपतींचा भक्तिविजयसुद्धा बाजूला ठेवावा लागेल, आणि तो ठेवायची माझी तरी तयारी नाही.

तुम्ही म्हणताय ते पुस्तक बहुतेक निहोन ऱ्योइकी असणार. नारा शहरातल्या याकुशीजी मंदिराचा क्योकाई नावाचा भिक्षू, त्यानं नवव्या शतकाच्या सुरुवातीला ते पुरं केलं, तीन भाग आणि 116 गोष्टी, सगळं चिनी लिपीत आणि चिनी धाटणीत. जपानमधला अशा गोष्टींचा हा सगळ्यात जुना संग्रह. म्हणजे गेंजीच्या जवळजवळ दोनशे वर्षं आधीचा. प्रस्तावनेत तो जे विचारतो ते मला फार आवडतं. चीनमध्ये असे ग्रंथ झालेत ते ठीक आहे, पण परक्या देशातले चमत्कार तेवढे खरे मानायचे आणि आपल्या मातीत घडलेल्यांवर विश्वास ठेवायचा नाही, असं का? म्हणून मग तो जवळपास प्रत्येक गोष्टीत प्रांत सांगतो, तालुका सांगतो, गाव सांगतो, माणसाचं नाव आणि कुठल्या सम्राटाच्या काळात घडलं तेही सांगतो. लीळाचरित्र वाचलं असेल तर ही सवय तुम्हाला लगेच ओळखू येईल, कुठल्या गावी, कुठल्या देवळात, कोण समोर होतं, सगळं नोंदलेलं.

आता बैलाची गोष्ट नीट बघा. यामातो प्रांतात एक घरधनी प्रायश्चित्ताचा विधी करायचा म्हणून नोकराला सांगतो, रस्त्यात जो पहिला भिक्षू भेटेल त्याला घेऊन ये. भिक्षू येतो, रात्री त्याला चांगली रजई पांघरायला देतात, आणि त्याच्या मनात येतं की उद्या दक्षिणा मिळेल न मिळेल, त्यापेक्षा ही रजई घेऊन आत्ताच निघावं. तेवढ्यात आवाज येतो, चोरू नकोस. इकडेतिकडे बघतो तर माणूस कोणी नाही, फक्त एक बैल. बैल म्हणतो, मी या घरधन्याचा बाप, मागच्या जन्मी मुलाला न विचारता दहा पेंढ्या भात उचलून दुसऱ्याला दिलं, ते आता कष्ट करून फेडतोय, खोटं वाटत असेल तर माझ्यासाठी आसन मांडा, मी त्यावर बसेन. दुसऱ्या दिवशी सगळे जमतात, मुलगा गवताचं आसन घालतो, बैल गुडघे टेकून बसतो. मुलगा रडत म्हणतो, बाबा, मी सगळं देणं माफ केलं. बैलाच्या डोळ्यांतून पाणी येतं आणि त्याच दिवशी संध्याकाळी तो प्राण सोडतो.

यातला चमत्कार क्षणभर बाजूला ठेवून बाकी काय उरतं ते बघा. बाप-लेकाच्या घरात भाताचा हिशेब वेगळा होता, मुलाला न विचारता बापानं धान्य दिलं तर ती चोरी धरली जायची, आणि भिक्षू असला तरी उपाशीतापाशी माणूस रजईकडे बघून डळमळायचा. दरबारात लिहिलेल्या साहित्यात ही माणसं तुम्हाला शोधून सापडणार नाहीत, तिथे कविता आहे, चंद्र आहे, कपड्यांच्या बाह्यांचे रंग आहेत, पण भात कोण कोणाला देणं लागतो हे नाही. आपल्याकडे देणं बुडवलं तर बैल होऊन फेडावं लागतं असं आजीच्या तोंडी असायचंच. आणि दामाजीपंत आठवा, दुष्काळात मंगळवेढ्याचं सरकारी कोठार लोकांना उघडून दिलं आणि विठोबा विठू महार होऊन बेदरला पैसे भरून रीतसर पावती घेऊन आला. तिकडेही धान्य, इकडेही धान्य, आणि दोन्हीकडे हिशेब पुरा झाल्याशिवाय गोष्ट संपत नाही.

सेमिनारला अजून एक गोष्ट जरूर घ्या, सानुकी प्रांतातल्या सावकारणीची. तालुक्याच्या अधिकाऱ्याची बायको, घरात सगळं भरपूर, पण तांदळाच्या दारूत पाणी घालून विकायची, देताना माप लहान आणि वसूल करताना मोठं. मेली, आणि सातव्या दिवशी जिवंत झाली तर कमरेच्या वर बैल, कपाळावर शिंगं. घाबरून घरच्यांनी देवळांना दान दिलं आणि लोकांची कर्जं माफ केली. माझं स्पष्ट मत आहे की आठव्या शतकातली सावकारी समजून घ्यायला कायद्याच्या कलमांइतकीच ही गोष्ट कामाची आहे, कारण मापातली फसवणूक गरिबाला कशी झोंबत होती ते तिथे ऐकू येतं.

आणि क्योकाईचं स्वतःचं प्रकरण सोडू नका, तिसऱ्या भागात शेवटाकडे आहे. 787 साली तो लिहितो की संसार आहे, बायको-मुलं आहेत, खायला नाही, मीठ नाही, सरपण नाही. पुढच्या वर्षी त्याला स्वप्न पडतं की तो मेलाय आणि त्याचं प्रेत जळतंय, नीट जळत नाही म्हणून त्याचाच आत्मा काठीनं ढोसून ते उलटंपालटं करतोय, शेजारच्याच्या कानात ओरडून बोलतोय पण कोणाला काही ऐकू जात नाही. स्वतःबद्दल इतकं उघडं लिहिणारा माणूस नुसता प्रचारक कसा म्हणायचा?

प्रश्न: नातीला माकड आणि मगरीची गोष्ट सांगत होतो, मुलगा म्हणाला ही जपानमध्येही आहे. खरं का? (एक आजोबा, दांडिया बाजार)

उत्तर: काका, अगदी खरं. बाराव्या शतकातला कोंजाकू मोनोगातारी नावाचा प्रचंड संग्रह आहे, 31 खंड, त्यातले 28 आज उरलेत, हजाराच्या वर गोष्टी. पहिले पाच खंड चक्क भारताचे, मग पाच चीनचे, पुढचे जपानचे. तुमच्या गोष्टीत तिकडे मगरीऐवजी कासव आहे आणि काळजाऐवजी यकृत, पण माकड तसंच म्हणतं की अरे ते तर झाडावर टांगून आलो. नातीला चंद्रावरच्या सशाची पण सांगा. आपल्या पाली जातकात, म्हणजे बुद्धाच्या पूर्वजन्मींच्या गोष्टींत, भुकेल्या पाहुण्याला स्वतःचं मांस द्यायचं म्हणून ससा आगीत उडी घेतो पण आग त्याला गार लागते, केस न केस शाबूत, आणि शक्र म्हणजे इंद्र डोंगर पिळून त्याच्या रसानं चंद्रावर सशाचं चित्र काढतो. कोंजाकूमध्ये मात्र तो खरंच जळून मरतो आणि चंद्रावर जो ढगासारखा डाग दिसतो तो त्याच आगीचा धूर, असं सांगितलंय. लहान मुलीला पहिली सांगा, दुसरी थोडी मोठी झाल्यावर.

प्रश्न: देवनी मोरीच्या स्तूपातला बुद्धाच्या अस्थींचा करंडक आपल्या बडोद्याला आहे. जपानी गोष्टींत अस्थींबद्दल काही येतं का? (एक वाचक, रावपुरा)

उत्तर: हो, येतं की. 1960 नंतरच्या उत्खननात युनिव्हर्सिटीच्या लोकांना शामळाजीजवळ तो करंडक मिळाला, त्यावर दशबलाच्या म्हणजे बुद्धाच्या अस्थी असल्याचं कोरलेलं आहे, बडोदेकरांनी याचा जेवढा अभिमान बाळगावा तेवढा थोडा. निहोन ऱ्योइकीत एका म्हाताऱ्यानं स्तूप बांधायचा नवस केलेला असतो आणि तो वर्षानुवर्षं राहून जातो. म्हातारपणी त्याला मुलगी होते, जन्मापासून डाव्या हाताची मूठ घट्ट. सातव्या वर्षी ती मूठ उघडून आईला दाखवते तर आत अस्थींचे दोन कण. मग गावानं हातभार लावून सात मजली स्तूप उभा राहतो. इथे पण बघा, राहिलेलं देणंच आहे.

प्रश्न: त्या काळात भारतातून कोणी जपानला गेलं होतं का? (त्याच वाचकांचा दुसरा प्रश्न)

उत्तर: गेलं होतं. बोधिसेन नावाचे भिक्षू चीनमार्गे 736 मध्ये जपानला पोचले, आणि 752 साली नाराच्या तोदाईजी मंदिरातल्या महाबुद्धाच्या मूर्तीचे डोळे रंगवायचा मान त्यांना मिळाला. ब्रशला लांब दोऱ्या बांधल्या होत्या आणि जमलेल्यांनी त्या हातात धरल्या, म्हणजे पुण्य सगळ्यांना. तो ब्रश आणि ती निळी दोरी शोसोइन या खजिन्यात आजही जपून ठेवलेत. शोसोइनमधल्या निवडक वस्तूंचं प्रदर्शन दर वर्षी ऑक्टोबर-नोव्हेंबरच्या सुमाराला नाराच्या नॅशनल म्युझियममध्ये भरतं, पण वस्तू दर वेळी वेगळ्या असतात, तेव्हा कोणी जाणार असेल तर त्या वर्षीची यादी आधी बघून मगच तिकीट काढा.