रोज मंगळसूत्र, जोडवी घालत नाही. मग हळदीकुंकू, वटपौर्णिमा कशाला? हल्लीच्या बायकांचा हा दुटप्पीपणा नाही का?

नाही. सक्ती नको म्हणणाऱ्या बाईला हौस असू नये, असं थोडंच आहे?

माझंच सांगते. जोडवी बुटात टोचतात, म्हणून डबीत पडून आहेत. मोठं मंगळसूत्र लॉकरमध्ये, लग्नकार्यापुरतं बाहेर निघतं. पण संक्रांतीचं हळदीकुंकू मी करतेच. रथसप्तमीच्या आतला एखादा रविवार गाठायचा, कारण एरवी आठच्या आत कुणी घरी नसतं. आमंत्रण व्हॉट्सॲपवर. वाणाला प्लॅस्टिकचे डबे देणं मात्र बंद केलं (ते घरोघर फिरून पुन्हा आपल्याकडेच येतात!), आता कापडी पिशव्या.

दागिन्यांचं सोडा, बोलावतो कुणाला ते बघा. लहानपणी आमच्याकडे हळदीकुंकू असलं की आत्या आतल्या खोलीत तिळगुळाच्या पुड्या बांधत बसायची. तिचे यजमान गेलेले, म्हणून बाहेर यायचं नाही. त्यात कुणाला वावगंही वाटायचं नाही. आता ती माझ्याकडे सगळ्यांत बसते. पहिल्या वर्षी कुंकू लावायला गेले तर म्हणाली, "हळद लाव, कुंकू राहू दे. गजरा मात्र मोठा दे." दिला. एका शेजारणीनं नाक मुरडलं, पण वाण घेऊनच गेली.

हे शहरातलं फॅड समजू नका. कोल्हापूर जिल्ह्यात शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडनं ४ मे २०२२ रोजी ठराव केला: नवरा वारल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं, जोडवी काढणं बंद. शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीचं ते वर्ष. त्याच महिन्यात राज्य सरकारनं परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींनाही हेरवाडचा कित्ता गिरवायला सांगितलं. ठराव झाला म्हणून रूढी दुसऱ्या दिवशी जात नाही, हे कबूल. पण बांगड्या फोडायला पुढं सरसावणाऱ्या बायकांना "गावाचा ठराव आहे" असं म्हणून थांबवता तरी येतं. एरवी त्या प्रसंगात घरातल्या कुणाच्या तोंडून शब्द फुटत नाही.

वटपौर्णिमेचं म्हणाल तर ती मी करत नाही. वडाच्या फांद्या तोडून बाजारात विकायच्या आणि आपण त्या घरी आणून पुजायच्या, हे मला पटत नाही. आमच्या जाऊबाई मात्र उपास धरून थेट वडालाच जातात, नऊवारी नेसून. म्हणजे शिवलेली, चेनवाली. त्या दिवशी घरच्यांचा स्वयंपाक माझ्याकडे.