माहितीपटात कलाकार स्वतःच नाचू लागला, कविता म्हणू लागला, तर तो माहितीपट कसा?

तुम्ही विचारलंय की स्वतःची लैंगिकता आणि संस्कृती यांवर बोलणारा कलाकार कॅमेऱ्यासमोर अभिनय करत असेल, तर त्याला माहितीपट का म्हणायचं. मलाही हा प्रश्न पडला होता, मार्लन रिग्जचा 'टंग्ज अनटाइड' (१९८९) पाहताना. पंचावन्न मिनिटांचा आहे. निवेदक नाही, तज्ज्ञ नाहीत, आकडे तर नाहीतच. सुरुवातीला मी चक्क वैतागलो होतो.

रिग्ज हा अमेरिकेतला कृष्णवर्णीय, समलिंगी दिग्दर्शक. कॅलिफोर्नियातल्या बर्कली विद्यापीठात पत्रकारिता शिकवायचा. म्हणजे रीतसर माहितीपट त्याला येत नव्हता अशातला भाग नाही. इथे तो स्वतःच समोर येतो आणि जॉर्जिया राज्यातलं शाळकरी वय सांगू लागतो. मध्येच पडदाभर नुसती तोंडं येतात, ओठ आणि दात, आणि त्यांतून शिव्या. काही त्याच्या रंगावरून, काही त्याच्या बायकीपणावरून. गोऱ्यांच्या आणि काळ्यांच्याही. आकडेवारीने मला हे कळलं असतं, पण खुर्चीत अंग चोरून बसायला लावलं नसतं.

पुढे तो सॅन फ्रान्सिस्कोच्या कॅस्ट्रो भागात येतो. समलिंगी लोकांची ती पंढरीच. फक्त या पंढरीतला विठोबा गोरा! तिथल्या चित्रांत, मासिकांत त्याच्यासारखा कोणी नाही, आणि असलाच तर टिंगलीपुरता. आधी काळा की आधी समलिंगी, हा प्रश्न त्याला दोन्हीकडून विचारला जातो. त्याला तो मुळात मान्य नाही.

आणि चुटक्या! तिथल्या कृष्णवर्णीय समलिंगी पुरुषांची चुटकी वाजवण्याची एक ढब असते. चित्रपटात तिचे प्रकार नावानिशी, शिकवणी घेतल्यासारखे दाखवलेत. मला आपल्याकडची हिजड्यांची टाळी आठवली. ज्याला बोलू देत नाहीत, तो हातांची भाषा करतो. निवेदकाने समजावली असती तर त्यातली मजाच गेली असती. चित्रपटात येणाऱ्या, कृष्णवर्णीय समलिंगी कवी एसेक्स हेम्पहिलच्या कवितांचंही तेच.

१९९१ मध्ये हा चित्रपट सार्वजनिक दूरचित्रवाणीवर आला तेव्हा अनेक केंद्रांनी तो दाखवायला नकार दिला, आणि पुढच्या वर्षी अध्यक्षपदाच्या प्रचारात पॅट ब्युकॅनन या कडव्या उजव्या उमेदवाराने त्याचीच दृश्यं टीकेच्या जाहिरातीत वापरली. हा भाग लोक फार रंगवून सांगतात, मला त्यात तेवढा रस नाही.

मला रस आहे तो रिग्जच्या शेवटच्या कामात, 'ब्लॅक इज... ब्लॅक एन्ट'मध्ये. १९९४ मध्ये एड्सने तो गेला. चित्रपट सहकाऱ्यांनी पुरा केला. त्यात तो रुग्णालयाच्या खाटेवरून बोलतो, हातपाय काड्या झालेत. मधूनच एक दृश्य येतं: तोच रिग्ज, अंगावर एक कपडा नाही, झाडीतून पळतोय.

आता ह्याला अभिनय म्हणायचं की नोंद, तुम्हीच बघून सांगा.