जुन्या कायद्याचा हवाला देऊन आलेली नोटीस रद्दी ठरते का?

प्रश्न : मी सोलापूरला होटगी रस्त्यापासून थोडे आत, विमानतळाच्या बाजूला राहतो. तळमजला आणि वर एक मजला, असे घर 2012 साली महापालिकेची परवानगी घेऊन बांधले. अंगणात वडिलांनी 1971 साली लावलेला नारळ आहे. गेल्या महिन्यात विमानतळाकडून नोटीस आली. घरावरची पाण्याची टाकी आणि नारळ, दोन्ही ठरवून दिलेल्या उंचीच्या वर जातात, म्हणून मोजमापे आणि मंजूर नकाशा सादर करा, असे त्यात म्हटले आहे. नोटिशीत 1934 च्या विमान अधिनियमाच्या कलम 9अ चा आणि 1994 च्या नियमांचा उल्लेख आहे. पुतण्याने मोबाइलवर 1934 चा कायदा काढून दाखवला, त्यात 9अ कलमच नाही. आमचे कंत्राटदार म्हणतात, तो कायदाच आता रद्द झाला आहे, नोटीस फाडून टाका आणि मुलासाठी वरचा मजला चढवायला घ्या. काय करू?

उत्तर : काका, आधी ती नोटीस जपून ठेवा, ती ज्या पाकिटातून आली त्या पाकिटासकट. पाकिटावरची टपालाची तारीख पुढे मुदत मोजताना लागेल. बांधकामाची एक वीटही सध्या हलवू नका.

तुमचा पुतण्या खोटे बोलत नाही. त्याने जो मजकूर वाचला तो 1934 साली संमत झाला त्या रूपातला असणार. त्या मूळ अधिनियमात कलम 9 आहे, ते विमानांच्या अवशेषांबद्दलचे, आणि त्याच्यामागून थेट कलम 10 येते, ते शिक्षेचे. विमानतळाभोवती कुणी किती उंच बांधावे याबद्दल त्यात चकार शब्द नाही. कलम 9अ त्यात घातले गेले 1972 सालच्या सुधारणा अधिनियमाने. कलमाच्या आकड्याला ‘अ’, ‘ब’ चिकटलेले दिसले की समजावे, हे कलम नंतर मध्ये बसवले आहे. पुढच्या कलमांचे आकडे बदलले तर जुने निकाल, करार, अर्ज सगळ्यांतले संदर्भ चुकतील, म्हणून आकडे तसेच ठेवून मध्ये जागा करतात.

सुधारणा अधिनियम हा स्वतंत्रपणे वाचायचा कायदा नसतो. ‘कलम 9 नंतर पुढील कलम दाखल करण्यात येईल’, ‘अमुक शब्दांऐवजी तमुक शब्द घालण्यात येतील’, अशा सूचनांचा तो कागद असतो. त्या सूचना मूळ अधिनियमात उतरल्या की ते शब्द मूळ अधिनियमाचेच होतात. म्हणून 1972 साली घातलेल्या कलमालाही नोटिशीत ‘1934 च्या अधिनियमाचे कलम 9अ’ असेच म्हटले जाते. 1934 चा हा कायदा पुढच्या काळात वीसेक वेळा असा शिवला-उसवला गेला. त्यामुळे कायदा वाचताना ‘कोणत्या तारखेपर्यंत सुधारलेला’ हे पहिल्या पानावर बघायचे. शिवाय चांगल्या प्रतीत प्रत्येक कलमाखाली बारीक टाइपात तळटीप असते, कोणत्या वर्षीच्या कितव्या अधिनियमाने ते आले, याची. पुतण्याला ती तळटीप वाचायची सवय लावा, उपयोगी पडेल.

पुढे कुणीतरी असेही सांगेल की संसदेने अनेक जुने सुधारणा अधिनियम एकगठ्ठा रद्द केलेत, मग त्यांनी घातलेली कलमेही गेली. तसे नाही. कायदे कसे वाचायचे हे सांगणारा 1897 चा जनरल क्लॉजेस ॲक्ट आहे, त्याचे कलम 6अ नेमके यासाठी आहे : सुधारणा अधिनियम रद्द झाला तरी त्याने मूळ कायद्यात केलेला बदल टिकतो, वेगळा हेतू दिसत असेल तर गोष्ट निराळी. सर्वोच्च न्यायालयाने 1959 साली, विनापरवाना बिनतारी यंत्र बाळगल्याच्या एका खटल्यात, हाच प्रश्न निकाली काढला. कागद आवरले म्हणून कायदा आवरला जात नाही.

आता कंत्राटदाराचे म्हणणे. ते निम्मे खरे आहे आणि म्हणूनच जास्त धोक्याचे. 1934 चा विमान अधिनियम खरोखरच रद्द झाला. त्याच्या जागी भारतीय वायुयान अधिनियम, 2024 आला आणि तो 1 जानेवारी 2025 पासून लागू आहे. म्हणजे तुमची नोटीस निघाली तेव्हा 1934 चा कायदा अस्तित्वात नव्हता, हे बरोबर. पण विमानतळाभोवतीच्या इमारती आणि झाडे यांवर निर्बंध घालण्याचा केंद्र सरकारचा अधिकार नव्या अधिनियमातही आहे. शिवाय त्यात निरसन आणि व्यावृत्तीचे कलम आहे. जुन्या कायद्याखाली केलेले नियम, काढलेल्या अधिसूचना आणि आदेश नव्या कायद्याशी विसंगत नसतील तर चालू राहतात, असे ते सांगते. तेही पुरले नाही तर जनरल क्लॉजेस ॲक्टची कलमे 8 आणि 24 आहेत. कलम 8 प्रमाणे रद्द झालेल्या तरतुदीचा उल्लेख तिच्या जागी आलेल्या तरतुदीचा उल्लेख म्हणून वाचायचा, आणि कलम 24 प्रमाणे जुने नियम नवे होईपर्यंत जिवंत राहतात. नोटिशीत जुन्या कलमाचा आकडा पडला, एवढ्यावर कोणतेही न्यायालय ती रद्द करणार नाही. अधिकार मुळात असेल तर तो दाखवताना कलम चुकले तरी कृती टिकते, हे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. उत्तरात या चुकीची नोंद जरूर करा, पण सगळा भार तिच्यावर टाकू नका.

एक सावधगिरी. अहमदाबादच्या अपघातानंतर 2025 च्या जूनमध्ये केंद्र सरकारने अडथळे पाडण्याबाबतच्या नव्या नियमांचा मसुदा प्रसिद्ध केला. मसुदा म्हणजे हरकती मागवण्यासाठी काढलेला कागद, कायदा नव्हे. व्हॉट्सॲपवर त्याचीच पाने फिरतात. तुमच्या नोटिशीत 1994 च्या नियमांचा उल्लेख आहे, म्हणून उत्तर त्या नियमांना धरून द्यायचे.

त्या नियमांची वाट अशी : आधी विमानतळाचा प्रभारी अधिकारी मालकाला नोटीस देतो आणि इमारतीची किंवा झाडाची माहिती गोळा करून नागरी विमान वाहतूक महासंचालकांकडे पाठवतो. पाडण्याचा, तोडण्याचा किंवा उंची कमी करण्याचा आदेश महासंचालक देतात. तो पाळला नाही तर काम जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते आणि ते अनधिकृत बांधकामाप्रमाणे कारवाई करतात. तुम्ही अजून पहिल्याच पायरीवर आहात. तुमच्याकडून मागितली आहे ती माहिती. ती मुदतीत, अचूक, पोच घेऊन द्या आणि त्याच पत्रात ‘कोणताही आदेश करण्यापूर्वी मला समक्ष ऐकावे’ असे स्पष्ट लिहा. गप्प बसलात तर महासंचालकांसमोर फक्त विमानतळाची मोजमापे जातील.

मोजमापांचीच गोष्ट घेऊ. तुम्ही सोबत पाठवलेला सर्वेक्षकाचा कागद मी दोनदा पाहिला. नोटिशीत तुमच्या जागेसाठी कमाल उंची 487.50 मीटर दिली आहे. ती वाचून तुम्ही लिहिता, ‘आमचे घर तर दहा मीटरचे, मग अडचण कसली?’ ही उंची जमिनीपासून नसते काका, समुद्रसपाटीपासून असते. तुमच्या अंगणाची जमीनच 475.40 मीटरवर आहे. त्यावर जिन्याच्या टोपीपर्यंत घर 10.20 मीटर, म्हणजे माथा 485.60 वर. इथपर्यंत घर मर्यादेच्या आत आहे, आणि ही तुमची सर्वांत मोठी जमेची बाजू. पण टोपीवर लोखंडी स्टँड आणि टाकी मिळून आणखी 2.60 मीटर, म्हणजे 488.20. अडथळा आहे तो 70 सेंटिमीटरचा आणि तो टाकीचा. टाकी टोपीवरून उतरवून गच्चीच्या कोपऱ्यात ठेवली तर घराचा प्रश्न संपतो. खर्च असेल तो प्लंबरचा, शिवाय वरच्या मजल्यावर पाण्याचा दाब कमी पडला तर एका छोट्या पंपाचा. डिश अँटेना, झेंड्याची काठी, हे सगळे उंचीत धरले जाते, तेही बघून घ्या. उत्तरासोबत लावण्यासाठी जागेचे अक्षांश-रेखांश आणि समुद्रसपाटीपासूनची उंची दाखवणारा सर्वेक्षकाचा प्रमाणित दाखला घ्या. तुमच्या कागदावर सही आहे, शिक्का नाही.

याच हिशेबाने मुलासाठीचा मजला बसत नाही. 3.20 मीटर वाढवले की टाकीशिवायच 488.80 होतात. विमानतळ प्राधिकरणाच्या ना-हरकत प्रमाणपत्राशिवाय हा मजला चढवू नका. त्यासाठी 2015 चे उंची-निर्बंधाचे नियम आहेत, 2020 च्या डिसेंबरात त्यांतही सुधारणा झाली. अर्ज ऑनलाइन करायचा असतो, आणि नाकारला गेला तर अपील समितीकडे जाता येते. इंद्रभुवनातून, म्हणजे महापालिकेतून, नकाशा मंजूर करून आणला तरी तो विमानतळाच्या ना-हरकतीची जागा घेत नाही. विमान वाहतूक हा राज्यघटनेच्या संघ सूचीतला विषय, महापालिकेचा नगररचना विभाग चालतो राज्याच्या कायद्याखाली. दोन्ही परवानग्या वेगवेगळ्या आणि दोन्ही लागतात. होटगी रस्त्यावरच्या साखर कारखान्याची चिमणी 15 जून 2023 रोजी खाली आली, तेव्हा परवानग्यांचा वाद किती वर्षे आणि किती न्यायालयांतून चालला होता, हे सोलापुरात कुणाला वेगळे सांगायला नको. आता 2025 च्या जूनपासून गोव्याचे विमान सुरू झाले आहे, त्यामुळे ही मोजमापे पूर्वीपेक्षा काटेकोरपणे होणार.

2012 च्या परवानगीला मात्र वेगळे महत्त्व आहे. त्या वर्षी 2015 चे नियम नव्हते, 14 जानेवारी 2010 ची अधिसूचना लागू होती. तुमच्या घराने 2012 साली कोणता नियम मोडला, की काहीच मोडले नव्हते, हे त्या अधिसूचनेवरून ठरवायचे. म्हणून उत्तरात तीन गोष्टी मागा : 487.50 हा आकडा कोणत्या अधिसूचनेखाली आला, ती कधी प्रसिद्ध झाली, आणि तुमच्या जागेचे मोजमाप कुणी, कोणत्या तारखेला केले. निर्बंध घराच्या नंतरचा निघाला तर टाकी हलवण्याचा खर्चही भरपाईत मागता येईल. निर्बंध आधीचा निघाला तर ती बाजू दुबळी, मग महापालिकेने तेव्हा ना-हरकत का मागितली नाही हा प्रश्न उरतो, पण त्याने उंची कमी होत नाही.

तुम्हाला कुणीतरी एक कोटीच्या दंडाची भीती घातली आहे. 2020 च्या सुधारणेने कमाल दंड दहा लाखांवरून एक कोटीवर नेला, हे खरे. पण राज्यघटनेचे अनुच्छेद 20(1) सांगते की कृत्य घडले तेव्हाच्या कायद्यात होती त्याहून जास्त शिक्षा देता येत नाही. 2012 च्या बांधकामाला 2020 चा दंड लावता येणार नाही. मात्र आज आदेश निघाला आणि तुम्ही तो धुडकावला, तर ते आजचे कृत्य ठरेल.

आता नारळ. पत्रात तुम्ही टाकीबद्दल दोन ओळी लिहिल्यात आणि नारळाबद्दल पानभर, ते मी समजू शकते. त्याचा शेंडा 491.40 वर आहे, जवळजवळ चार मीटर जास्त. ‘उंची कमी करा’ असे नोटीस म्हणते, पण आंब्याची फांदी छाटता येते तशी नारळाची छाटता येत नाही. त्याला वाढीचा एकच कोंब असतो. शेंडा गेला की झाड गेले. हे उत्तरात लिहाच, कारण अधिकाऱ्याच्या तक्त्यात झाड म्हणजे फक्त एक आकडा असतो. विमानतळासाठी तुमचे झाड जाणार असेल तर ते छाटणे नव्हे, तोडणे आहे. कायद्याप्रमाणे निर्देशामुळे नुकसान सोसावे लागले तर भरपाई मिळते : रक्कम आपसात ठरली तर ठीक, नाहीतर लवाद, आणि त्यानंतर उच्च न्यायालयात अपील. नव्या अधिनियमातही ही सोय आहे. अंगण घेतलेत तेव्हाचा खरेदीदस्त, जुने फोटो, वर्षाला किती नारळ उतरतात याची आठवण असेल तशी नोंद, हे आत्ताच एका फायलीत लावा.

आणि भीतीपोटी रातोरात झाड पाडू नका. शहरातले झाड तोडायला 1975 च्या महाराष्ट्राच्या वृक्ष जतन अधिनियमाखाली महापालिकेच्या वृक्ष प्राधिकरणाची परवानगी लागते. त्या कायद्याला 2021 साली सुधारणा झाली आणि 50 वर्षे किंवा त्याहून जुन्या झाडांना हेरिटेज ट्री म्हणून जास्त संरक्षण मिळाले. तुमचा नारळ 1971 चा, म्हणजे तो त्यात येतो. 1975 चा कायदा उघडाल तर हे तुम्हाला दिसणार नाही, सुधारलेली प्रत बघावी लागेल. महासंचालकांचा आदेश आला तरी वृक्ष प्राधिकरणाला लेखी कळवून, पंचनामा करूनच हात लावा. झाड 1971 चे आहे हे शेजारच्या दोन वयस्क माणसांच्या प्रतिज्ञापत्रांवरून आत्ताच नोंदवून ठेवा, झाड गेल्यावर वय कोण सांगणार?

समजा आदेश विरुद्ध गेला आणि तुम्हाला ऐकूनच घेतले नाही, तर रिट याचिकेसाठी आता मुंबई गाठायची गरज नाही. ऑगस्ट 2025 पासून सोलापूर जिल्ह्याची प्रकरणे उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे जातात. पण ते पुढचे. नोटिशीतली मुदत पाकिटावरच्या तारखेपासून मोजा, आज सर्वेक्षकाकडे जाऊन शिक्का मारून घ्या, आणि उत्तराचा मसुदा टाकण्याआधी मला एकदा दाखवा.